परत आलेली भांडी

जगात आजवर माणसांनी घाईघाईने जेवढे निर्णय घेतले असतील, त्या सगळ्यांची भरपाई एकट्याने करावी म्हणून आमच्या घरमालकांना जन्माला घातलं असावं, असं माझं ठाम मत आहे. हे वाक्य त्यांना वाचून दाखवलं असतं तर ते म्हणाले असते, "ठाम आहे हे कळलं. मत कशावरून झालं ते सांग." हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठावर न्यायमूर्ती म्हणून त्यांनी उमेदीची वर्षं काढली, आणि त्यांतली बहुतेक अपिलं ऐकण्यात गेली. म्हणजे दुसऱ्या कुणीतरी आधी दिलेला निकाल बरोबर की चूक, एवढंच ठरवायचं. त्यामुळे एखादी गोष्ट पहिल्यांदा ठरवण्याची ताकदच त्यांच्यात उरली नव्हती. सकाळी काकूंनी विचारलं, की पोहे करू की उपमा, तर उत्तर यायचं, "तू ठरव. पटलं नाही तर मी आहेच." कॉलनीतले लोक गाडी लावण्यावरून भांडत त्यांच्याकडे आले, की ते त्यांना आधी सोसायटीच्या सेक्रेटरीकडे पाठवत. "त्यांनी चूक केली, की मग माझ्याकडे या." सेक्रेटरीकडे जाऊन परत येईपर्यंत निम्म्या लोकांचा राग उतरायचा आणि उरलेल्यांची गाडी तिथून निघालेली असायची.

मी त्यांच्या वरच्या मजल्यावरची भाडेकरू. आमचं जमण्याचं काही कारण नव्हतं. माझे वडील चंद्रपूरला चळवळीत होते आणि घरात पत्रकांचे इतके गठ्ठे असत, की मी अक्षरं त्यांच्यावरच गिरवली. 'कमळ बघ'च्या आधी मला 'जागे व्हा' वाचता येत होतं. पत्रकाची मागची बाजू कोरी असते आणि तिच्यावर आई वाणसामान लिहायची, त्यामुळे कुठल्याही प्रश्नाला दुसरी बाजू असते ही बातमी मला पुष्कळ उशिरा कळली. खोली बघायला गेले तेव्हा काकूंनी मला स्वयंपाकघरात बसवून आई-वडिलांपासून जेवणाच्या वेळांपर्यंत सगळं विचारलं आणि मग व्हरांड्यात येऊन सांगितलं, "मले पोरगी बरी वाटली. तुम्हाले काही म्हणायचं?" न्यायमूर्तींनी चष्म्यातून माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. ते म्हणाले, "खालच्या कोर्टाने साक्षीदार समोर बसवून पाहिला आहे. मी कशाला हात घालू?" अशा रीतीने खोली मला मिळाली आणि घरातलं खालचं कोर्ट कुठे भरतं तेही कळलं.

ही अपिलाची वृत्ती त्यांना कायद्याच्या पुस्तकांतून आली नव्हती. ती इतवारीतून आली होती. इतवारीत, नागपूरच्या जुन्या बाजारपेठेत, त्यांच्या घराण्याचं भांड्यांचं दुकान होतं. पुढच्या गल्ल्यावर वडील बसत आणि भांडी विकत. मागच्या अंधाऱ्या खोलीत आजोबा बसत, आणि त्यांच्याकडे यायची ती फक्त परत आलेली भांडी. कुणाची पितळी गळते, कुणाच्या तपेल्याचा कान हलतो, कुणी नवी कळशी आपटून आणून दुकानदाराच्या माथी मारतं. आजोबा गिऱ्हाइकाच्या तोंडाकडे बघतच नसत. भांडं उलटं धरून बोटाच्या पेराने वाजवत आणि कान देत. मग एकच प्रश्न, "घरी काय झालं, ते पहिल्यापासून सांग." आमचे न्यायमूर्ती लहानपणी शाळा सुटली, की त्या खोलीत आजोबांच्या मांडीजवळ बसायचे. पुढे वकिली केली, कोट चढवला, न्यायाधीश झाले, तरी मनाने ते त्या मागच्या खोलीतच होते. कोर्टात एखादा वकील फार जोरात बोलायला लागला, की ते म्हणत, "हळू बोला. मला भांडं ऐकू येत नाही." नव्या वकिलांना वाटायचं, साहेबांची तब्येत ठीक नाही.

आपल्या निकालांबद्दल ते बोलत नसत. एकच अपवाद होता. एका बस कंडक्टरला नोकरीवरून काढलं होतं आणि ते प्रकरण चढत चढत यांच्यासमोर आलं. फाइल चांगली जाडजूड होती. डेपोच्या साहेबांचं म्हणणं होतं, ड्रायव्हरचं होतं, तपासनीसाचं होतं, दोन प्रवाशांचं होतं. सगळी फाइल वाचून झाल्यावर यांच्या लक्षात आलं, की कंडक्टरला कुणी काही विचारलंच नव्हतं. त्यांनी प्रकरण परत पाठवलं, एवढंच सांगून, की ज्याचं ऐकायचं तोच राहिला आहे. पुढे त्या कंडक्टरचं काय झालं, असं मी विचारलं तेव्हा म्हणाले, "ते मला माहीत नाही. तो खरा होता की खोटा, तेही नाही. पण त्याला विचारायला हवं होतं." मला शेवट असलेल्या गोष्टी आवडतात. मी दोन दिवस त्यांच्याशी नीट बोलले नाही.

माझी पत्रकं ते पेन्सिल घेऊन वाचत. मी नागपूरला लागून असलेल्या वाडी गावातल्या गोदामांतल्या हमालांसाठी लिहिते. अमरावती रोडवर ट्रक उभे असतात, पाठीवर पोती असतात आणि उन्हाळ्यात पत्र्याखाली माणूस भाजून निघतो. एका मे महिन्यात मी आग ओकणारं पत्रक लिहिलं. शीर्षक होतं, 'रक्तपिपासू मालकांचा कट'. त्यांनी विचारलं, रक्तपिपासू हे कोणत्या साक्षीदाराने सांगितलं? आणि कट म्हटला, की निदान दोन माणसं लागतात, दुसरा कोण? मी चिडून म्हटलं, की तिथे पिण्याच्या पाण्याच्या नळाला कुलूप घालतात. ते एकदम सरळ बसले. "हे पत्रकात कुठे आहे?" नव्हतं. रागाच्या भरात मी नळ लिहायलाच विसरले होते. मग आम्ही नवीन पत्रक काढलं. त्यात एवढंच होतं, की या गोदामात मे महिन्यात पाण्याच्या नळाला कुलूप असतं आणि किल्ली मॅनेजरच्या खिशात असते. न्यायमूर्ती म्हणाले, "विशेषण वाचणाऱ्याला घालू दे." वाचणाऱ्यांनी अशी विशेषणं घातली, की त्यातलं एकही मला छापता आलं नसतं. त्याच आठवड्यात कुलूप निघालं. तेव्हापासून मी त्यांना काका म्हणायला लागले.

पण काकांचा खरा पराक्रम म्हणजे 'नॉट बिफोर मी'. एखाद्या प्रकरणात न्यायाधीशाचा नात्याचा, ओळखीचा, कसलाही धागा निघाला, तर तो ते प्रकरण ऐकत नाही. 'माझ्यासमोर नको' म्हणून बाजूला होतो. इतर न्यायाधीश हे कोर्टात करतात. काका सगळीकडे करत. ज्याची केस आपल्यासमोर आली किंवा येऊ शकेल, त्याच्याकडून संत्रं घ्यायचं नाही, त्याच्या लग्नाला जायचं नाही, त्याच्या घरचा तिळगूळ घ्यायचा नाही. नागपुरात कुणाचा ना कुणाचा चुलतभाऊ हायकोर्टात गेलेला असतोच. त्यामुळे बघता बघता सगळं शहर त्यांना बंद झालं. समोर एका वकिलांचं घर होतं, मधे फक्त रस्ता, पण तो रस्ता काकांनी नोकरीत असेपर्यंत ओलांडला नाही, आणि काकूंनाही ओलांडता आला नाही. वकीलबाईंकडे हळदीकुंकू असलं, की काकू व्हरांड्यात खुर्ची टाकून बसत आणि आत जाणाऱ्या बायकांच्या साड्या बघत. कोणती पैठणी खरी आणि कोणती सीताबर्डीच्या सेलमधली, हे त्या इतक्या लांबून अचूक सांगत. मी तेव्हा हसायची. मी राहायला आले तेव्हा निवृत्तीला वर्षं उलटली होती आणि जायला हरकत नव्हती, पण तोवर लोकांची बोलवायची सवय मोडली होती.

केस कापायला काका वाडीला जात, तेही याच कारणाने. जवळच्या सगळ्या न्हाव्यांना कुठल्या ना कुठल्या दाव्याचा वास होता. वाडीतला तो न्हावी मात्र ट्रक-ड्रायव्हरांच्या दाढ्या करायचा आणि त्याच्या सात पिढ्यांत कुणी कोर्टाची पायरी चढलेलं नव्हतं. मी पत्रकं वाटायला स्कूटरवर निघाले, की काका मागे बसत, हेल्मेट घालून, आणि प्रत्येक वळणावर स्वतःचा हातही बाहेर काढत. एकदा डाव्या बाजूचे केस कापून झाले असताना न्हावी सहज बोलून गेला, "साहेब, माह्या साळ्याचं वावर रोडमध्ये गेलं. त्यानं बी हायकोर्टात टाकली केस." काका गळ्यातलं कापड काढून उभे राहिले. "नॉट बिफोर मी," म्हणाले आणि दाराकडे चालू लागले. न्हावी कात्री हातात धरून बघत राहिला. "पण साहेब," तो काकुळतीने म्हणाला, "एकच बाजू झाली ना. दुसरीचं काय?" काका थबकले. दुसरी बाजू राहिली असताना उठून जाणं हेही त्यांच्या तत्त्वात बसत नव्हतं. मी हळूच म्हटलं, की काका, तुम्ही रिटायर झालात. हे त्यांना आठवायला थोडा वेळ लागला. मग ते परत येऊन बसले, पण उरलेले केस कापून होईपर्यंत न्हाव्याशी एक शब्द बोलले नाहीत.

निकाल राखून ठेवणं ही आणखी एक खोड. झणझणीत सावजी खानावळीत जेवायला नेलं, तर रस्सा कसा आहे हे ते दुसऱ्या दिवशी दुपारी सांगत. तोंड भाजलेलं असताना दिलेलं मत धरायचं नाही, असं त्यांचं म्हणणं. सीताबर्डीला काकूंनी दोन साड्या समोर धरून कोणती घेऊ असं विचारलं, तेव्हा त्यांनी दोन्ही बाजू शांतपणे ऐकल्या, म्हणजे दोन्ही साड्या उलटून पाहिल्या, आणि निकाल राखून ठेवला. दुकानदार शटर ओढायला लागला तरी तो राखलेलाच होता. शेवटी काकूंनी दोन्ही घेतल्या. "दोन्ही अपिलं मंजूर," त्या मला जिन्यात म्हणाल्या. "नवरा असा असला ना वं, की बाईचं कपाट भरून जाते."

मोठ्या प्रश्नांवर मात्र दोघं मिळून बसत. कोर्टात महत्त्वाचं प्रकरण दोन न्यायाधीशांसमोर चालतं, तसं. दोघांचं एकमत झालं नाही तर ते तिसऱ्याकडे जातं, आणि या घरातली तिसरी मी होते. गच्चीवर टाकी काळी आणायची की पांढरी, काकांनी धोतर नेसून बँकेत जावं की नाही, असले निकाल मी दिलेले आहेत. काका प्रत्येक वेळी आपली कारणं क्रमवार सांगत आणि काकू म्हणत, "मले नाही पटत." तत्त्वाने पाहिलं तर काकांची कारणं मला पटत, पण निकाल बहुधा काकूंच्या बाजूने लागायचा, कारण जेवण त्या वाढत.

मग एका दिवाळीत त्यांची मुलगी पुण्याहून आली आणि म्हणाली, घर विकून टाका आणि दोघंही आमच्याकडे या. काकांचं मत एका दिवसात तयार झालं, हेच मुळात नवल होतं. जायचं नाही. आयुष्य इथे गेलं, पुस्तकं इथे आहेत, इथली हवा माहीत आहे, या वयात झाड उपटून लावत नाहीत. काकू म्हणाल्या, "मले जायचं आहे." कारण दिलं नाही. दोन मतं दोन दिशांना, म्हणून रविवारी सकाळी मला व्हरांड्यात बोलावलं. तीन खुर्च्या मांडलेल्या. मुलगी दाराला टेकून उभी होती. आदल्या रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या मला एक गोष्ट लक्षात आली होती. मी खुर्चीवर बसलेच नाही. म्हटलं, "काका, मला हे ऐकता येणार नाही. घर विकलं तर माझी खोली जाते. माझा यात स्वार्थ आहे."

काका इतके खूश झालेले मी कधी पाहिले नव्हते. "शाब्बास," ते म्हणाले. काकूंकडे वळून अभिमानाने सांगू लागले, की बघ, पोरीला न सांगता कळलं. काकू मात्र हसल्या नाहीत. इतकी वर्षं न्यायाधीशाच्या घरात काढलेल्या बाईला पुढचं ठाऊक होतं. तिसरा कुणी नसेल आणि दोघांचं जमत नसेल, तर आहे ते तसंच राहतं. म्हणजे काका जिंकले होते, आणि ते मी माझ्या तत्त्वाने त्यांना जिंकून दिलं होतं. पत्रकांवर वाढलेल्या माणसाला आपल्या तत्त्वाचा असा त्रास पहिल्यांदाच होत होता.

काकू उठल्या, खुर्ची उचलून बाजूला ठेवली, आणि जाता जाता बोलल्या. आवाज चढवला नाही.

"पुण्यात तुमच्यासमोर कोणाचंच अपील चाललं नाही. तिथं मले कोणाच्याही घरी हळदीकुंकवाले जाता येईल."

काकांच्या तोंडून सवयीने निघून गेलं, की हा मुद्दा तू खाली मांडला नव्हतास. अपिलात नवीन मुद्दा काढता येत नाही, हे ते घरात दर दोन दिवसांनी म्हणत.

"खालच्या कोर्टात मीच बसते," काकू म्हणाल्या. "आपलं गाऱ्हाणं आपल्यासमोरच कसं मांडू?"

आणि त्या आत गेल्या. थोड्या वेळाने कुकरची शिट्टी ऐकू आली. काका बराच वेळ खुर्चीच्या हातावर बोटाचं पेर वाजवत होते. मग म्हणाले, की निकाल राखून ठेवतो. मुलगी वैतागून मला म्हणाली, "आता पुढच्या दिवाळीला."

पण तसं झालं नाही. त्याच दिवशी संध्याकाळी मी गच्चीवरून पाहिलं तर काका रस्ता ओलांडत होते. दोन्हीकडे बघत, हात बाहेर काढत, जणू तो रस्ता म्हणजे अमरावती रोड. समोरच्या वकिलांच्या फाटकाची कडी त्यांना उघडता येईना, तेव्हा वकीलबाईंनीच धावत येऊन ती उघडली. ते पुष्कळ वेळ आत होते. परत आले तेव्हा काकू तुळशीपाशी दिवा लावत होत्या आणि मी जिन्याच्या शेवटच्या पायरीवर होते. काका व्हरांड्यात चढले नाहीत. अंगणातच उभे राहिले.

"त्या बाईले तुझं नाव माहीत नाही," ते म्हणाले. कोर्टातली भाषा गळून पडली होती, इतवारी उरली होती. "इतकी वर्षं समोर राहते ते. मले म्हणते, जजसाहेबांच्या मिसेस कशा आहेत?"

ज्योत वाऱ्याने हलत होती, तिला काकू हात आडवा धरून उभ्या राहिल्या.

"सगळ्यांचं ऐकलं मी," काका म्हणाले. "एका माणसाले विचारायचंच राहिलं." मग त्यांनी घसा साफ केला आणि सरळ उभे राहिले, निकाल वाचताना राहत असतील तसे. "माझं मत मी मागे घेतो. तुझ्या निकालाशी सहमत आहे. वेगळी कारणं देत नाही."

कारण न देता त्यांनी काही ठरवल्याचं ते एकच उदाहरण. काकूंनी दिवा खाली ठेवला आणि डोळ्यांना पदर लावण्याआधी एवढंच विचारलं, "आणि पोरीच्या खोलीचं?" त्यावर त्यांनी निकालात दुरुस्ती केली, की घर तूर्त विकायचं नाही, कारण जिने स्वतःचा स्वार्थ कबूल करून खुर्ची नाकारली तिला त्या नकाराची शिक्षा होता कामा नये. मुलगी दारातून म्हणाली, "बाबा, हे तुम्ही एका मिनिटात ठरवलं." काका म्हणाले, की एका मिनिटात नाही, फार उशिरा ठरवलं.

त्याला आता दोन संक्रांती झाल्या. खालच्या घराला कुलूप असतं. रविवारी मी ते उघडून पुस्तकांवरची धूळ झटकते आणि व्हरांड्यात बसून पत्रकं लिहिते. एखादं विशेषण फार चढलं, की आपोआप थांबते आणि आधी नळ शोधते. वाडीला गेले, की न्हावी विचारतो, साहेब कधी येतात? त्याचा साळा अजून कोर्टात चकरा मारतो आहे. समोरच्या वकीलबाई यंदा हळदीकुंकवाला मला बोलवायला आल्या, आणि जाताना बंद दाराकडे बघून म्हणाल्या, की राहूनच गेलं.

काका अधूनमधून फोन करतात. पुण्यातला न्हावी बिल्डिंगच्या खालीच आहे, पण केस कापताना तो मोबाइल बघतो, त्यामुळे ऐकण्यासारखं काही नसतं. तिथला रस्सा मिळमिळीत असतो आणि त्याबद्दलचा निकाल त्यांनी पहिल्याच घासाला दिला, राखून ठेवला नाही. परवा मी विचारलं, संत्र्यांच्या दिवसांत नागपूरला येऊन जाता का? ते म्हणाले, बघू, तुझ्या काकूला सवड झाली पाहिजे. ते पुढे काहीतरी सांगत होते, आणि मधेच गप्प झाले. फोनमध्ये लांबून बायकांचा गलका ऐकू येत होता, वाट्या, बांगड्या, हसणं, आणि त्यातून कुणीतरी मोकळ्या आवाजात हाक मारली, "सुमनताई, अहो सुमनताई, बसा ना इथे."



"ऐकलंस?" काकांनी विचारलं.

"ऐकलं," मी म्हटलं.